सासरच्या छळाची फिर्याद आणि न्यायालयाची वाट
(सभासद व विद्यार्थ्यांसाठी एक अभ्यासलेख)

दर रविवारी सकाळी वंदनेनंतर विहाराच्या बाजूच्या खोलीत आम्ही काही जण कागदपत्रे घेऊन बसतो. कोणाला जातीचा दाखला हवा असतो, कोणाचे पेन्शन अडलेले असते. अलीकडच्या वर्षांत मात्र एका विषयाचे कागद वाढत चालले आहेत. लेक सासरहून परत आली आहे, अंगावरचे दागिने तिकडेच राहिले आहेत, आणि बाप विचारतो आहे, "आता कुठे जायचं?" त्याच आठवड्यात दुसरे एखादे कुटुंब येते. त्यांच्या मुलाला, मुलाच्या आईला आणि दूरगावी नांदणाऱ्या मुलीलाही पोलिसांची नोटीस आलेली असते. तेही विचारतात, "आता कुठे जायचं?" दोन्ही कुटुंबे आपलीच आहेत. दोघांनाही खरा कायदा सांगणे हे आमचे काम आहे.

या कामात आमच्या हातून एक मोठी चूक झाली. ती पुढे योग्य ठिकाणी सांगणार आहोत, कारण हा लेख लिहिण्याचे खरे कारण तीच आहे. त्याआधी कायदा क्रमाने समजून घेऊ.

१. कायद्याचा प्रवास

हुंड्याविरुद्ध कायद्याचा विचार मांडणाऱ्यांत डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांचे स्थान फार आधीचे आहे, हे आपल्यापैकी अनेकांना ठाऊक नसते. हिंदू कोड बिलातील तरतुदी समजावून सांगताना १९४८ साली त्यांनी संविधान सभेत हुंड्याचाही प्रश्न घेतला होता. लग्नात मुलीसोबत जी मालमत्ता दिली जाईल ती सासरच्यांची न मानता त्या मुलीसाठी ठेवलेली विश्वस्त ठेव मानावी आणि वयाची अठरा वर्षे पूर्ण झाल्यावर तिला ती मागता यावी, अशी ती योजना होती. बिल त्या स्वरूपात मंजूर झाले नाही आणि १९५१ साली बाबासाहेबांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. पण ती कल्पना मेली नाही. १९६१ चा हुंडा प्रतिबंधक कायदा संसदेच्या दोन्ही सभागृहांच्या संयुक्त बैठकीत मंजूर झाला. त्याच्या कलम ६ मध्ये हेच तत्त्व आहे. हुंडा म्हणून काही घेतले गेले असेल तर घेणाऱ्याने ते ठरलेल्या मुदतीत त्या स्त्रीच्या स्वाधीन केले पाहिजे आणि तोपर्यंत ते तिच्यासाठी विश्वस्त म्हणून सांभाळले पाहिजे.

१९६१ चा कायदा बरीच वर्षे कागदावरच राहिला. हुंडा म्हणजे लग्नाचा 'मोबदला' अशी त्यातील व्याख्या होती आणि 'हा मोबदला नव्हता, हौसेने दिलेला आहेर होता' एवढे म्हटले की आरोपी सुटत असे. म्हणून १९८४ साली व्याख्या बदलून 'लग्नाच्या संबंधात' दिलेले वा द्यायचे कबूल केलेले असे शब्द घातले गेले. १९८६ च्या दुरुस्तीने हुंडा देण्याघेण्याची किमान शिक्षा पाच वर्षे कैद आणि किमान १५,००० रुपये किंवा हुंड्याच्या किमतीइतका, यांत जो जास्त असेल तो दंड अशी झाली. नुसती मागणी करणेही गुन्हा आहे. देणाराही गुन्हेगार ठरतो म्हणून बाप तक्रारीला घाबरतो. त्याने लक्षात ठेवावे की झळ पोहोचलेल्या व्यक्तीने तक्रारीत दिलेल्या जबाबावरून तिच्यावर खटला भरता येत नाही, अशी तरतूद कलम ७ मध्ये आहे.

दरम्यान १९८३ साली भारतीय दंड विधानात कलम ४९८-अ आले. पती किंवा पतीच्या नातेवाइकाने विवाहित स्त्रीला क्रूरपणे वागविल्यास तीन वर्षांपर्यंत कैद व दंड, हे त्याचे सार. १९८६ साली कलम ३०४-ब म्हणजे हुंडाबळीचे कलम आले. १ जुलै २०२४ पासून दंड विधानाची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली आहे. आता छळाची शिक्षा कलम ८५ मध्ये, क्रूरतेची व्याख्या कलम ८६ मध्ये आणि हुंडाबळीची तरतूद कलम ८० मध्ये आहे. मजकुरात विशेष फरक नाही. त्या तारखेपूर्वी घडलेल्या गुन्ह्यांना जुनीच कलमे लागतात, म्हणून '४९८-अ' हा शब्द न्यायालयात अजून बरीच वर्षे ऐकू येईल.

प्रश्न किती मोठा आहे हे सरकारी आकड्यांवरून दिसते. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२२ च्या अहवालानुसार देशात स्त्रियांविरुद्धचे ४,४५,२५६ गुन्हे नोंदले गेले. त्यांपैकी ३१.४ टक्के गुन्हे पती वा त्याच्या नातेवाइकांनी केलेल्या छळाचे होते. त्याच वर्षी ६,४५० हुंडाबळींची नोंद झाली.

२. छळ कशाला म्हणावे?

घरात भांडण झाले की तो लगेच कायद्याच्या अर्थाने छळ होत नाही. कायद्याने क्रूरतेचे दोन प्रकार सांगितले आहेत. पहिला, स्त्रीला आत्महत्येकडे ढकलील किंवा तिच्या जिवाला, शरीराला अथवा आरोग्याला गंभीर इजा वा धोका पोहोचवील असे जाणूनबुजून केलेले वर्तन. आरोग्य म्हणजे मनाचेही आरोग्य. दुसरा, पैसा वा मालमत्तेची बेकायदा मागणी पुरी करून घेण्यासाठी, किंवा ती पुरी झाली नाही म्हणून, तिला दिलेला त्रास.

यावरून दोन गोष्टी ध्यानात येतात. पहिल्या प्रकारात हुंड्याच्या मागणीची गरजच नाही. दारू पिऊन रोज मारणारा नवरा एक पैसाही न मागता या कलमात येऊ शकतो. दुसऱ्या प्रकारात मागणी आणि त्रास यांचा एकमेकांशी संबंध दाखवावा लागतो. स्वयंपाकावरून बोलणी, माहेरी पाठविण्यावरून रुसवेफुगवे यांना न्यायालय संसारातील नेहमीची कुरबुर मानते.

मागणी कशासाठी होती हाही वादाचा मुद्दा होता. महाराष्ट्रातून गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली म्हटले होते की घरखर्च व खत घेण्यासाठी मागितलेले पैसे म्हणजे हुंडा नव्हे. हा निर्णय आप्पासाहेब खटला म्हणून ओळखला जातो. पुढे २०१५ साली तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हे मत बरोबर नसल्याचे सांगितले. २०२२ च्या जानेवारीत घर बांधण्यासाठी माहेरून पैसे आणण्याचा तगादा हासुद्धा हुंड्याची मागणी ठरविण्यात आला. दुकान, रिक्षा, प्लॉट, नोकरीसाठी द्यायचे पैसे अशी कोणतीही नावे दिली तरी लग्नाच्या नात्याच्या जोरावर केलेली मागणी ही मागणीच होय.

३. फिर्याद कोणी आणि कुठे द्यावी?

फिर्याद स्वतः स्त्रीला देता येते, तसेच तिच्या रक्ताच्या, लग्नाच्या वा दत्तक नात्यातील माणसालाही पोलीस ठाण्यात खबर देता येते. गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र आहे.

पूर्वी नेहमी एक अडचण येत असे. सासर सोलापूरला, माहेर नागपूरला. नागपूरचे ठाणे म्हणे, "गुन्हा तिकडे घडला, तिकडे जा." ज्या गावातून जीव वाचवून ती आली, त्याच गावी फिर्यादीला जायचे! ९ एप्रिल २०१९ रोजी रूपाली देवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी हा प्रश्न निकालात काढला. सासर सोडल्यावर स्त्री जिथे आश्रय घेते तिथेही छळाचे परिणाम ती भोगतच असते, म्हणून तिथल्या न्यायालयालाही अधिकार आहे. हा निर्णय प्रत्येक बापाने पाठ करून ठेवण्याजोगा आहे.

मुदतीचेही भान ठेवावे. तीन वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्याची दखल न्यायालयाने सर्वसाधारणपणे तीन वर्षांच्या आत घ्यावी लागते. मात्र छळ हा चालू राहणारा गुन्हा असून प्रत्येक नव्या घटनेपासून मुदत नव्याने मोजता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ साली सांगितले आहे. तरीही 'बघू, सुधारेल' म्हणत वर्षे घालविणे पुराव्याच्या दृष्टीने घातकच असते.

वैवाहिक वादात गुन्हा नोंदविण्यापूर्वी पोलीस थोडी प्राथमिक चौकशी करू शकतात, हे २०१३ च्या ललिता कुमारी निर्णयात मान्य झाले आहे. त्यामुळे ठाण्यात आधी समुपदेशनाला बोलावले तर भडकून उठू नये. महाराष्ट्रात या कामाची जुनी परंपरा आहे. टाटा समाजविज्ञान संस्थेने १९८४ साली मुंबई पोलिसांच्या सोबतीने स्त्रिया व मुलांसाठी विशेष कक्ष सुरू केला आणि पुढे तो नमुना इतरत्र गेला. पण मारहाण झालेली असेल, जिवाला धोका असेल, तर समुपदेशनाच्या तारखांवर तारखा मान्य करू नयेत.

४. अटकेचा प्रश्न

'४९८ लागली म्हणजे रात्रीतून सगळे घर आत' हा समज अजून गेलेला नाही. मुलीकडचे त्या आशेवर असतात आणि मुलाकडचे त्या भीतीने घर सोडून पळतात. दोघांनीही २ जुलै २०१४ चा अर्णेश कुमार निर्णय समजून घ्यावा. सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात केवळ गुन्हा नोंदला म्हणून आपोआप अटक करायची नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात बजावले. अटक का आवश्यक आहे याची कारणे पोलिसांनी लिहून दिली पाहिजेत. न्यायदंडाधिकाऱ्यानेही ती तपासल्याशिवाय कोठडी देऊ नये. अटक करायची नसेल तर हजर राहण्याची नोटीस द्यावी. आज ही तरतूद भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५ मध्ये आहे.

नोटीस म्हणजे सुटका नव्हे आणि शिक्षाही नव्हे. नोटीस आलेल्याने ठरल्या वेळी जावे, जबाब द्यावा, पत्ता बदलू नये. नोटीस न पाळणाराच अटकेला कारण देतो. मुलीकडच्यांनीही आरोपी मोकळा फिरतो म्हणून 'पोलीस विकले गेले' असे लगेच ठरवू नये. तपास चालू राहतो, दोषारोपपत्र जाते, खटला उभा राहतो.

या कलमाचा गैरवापर होतो, अशी तक्रार फार जुनी आहे. २००५ साली कलम घटनाबाह्य ठरवावे म्हणून अर्ज झाला, तेव्हा न्यायालयाने गैरवापराबद्दल कठोर शब्द वापरले, पण कलम वैध ठरविले. कायद्याचा गैरवापर होऊ शकतो एवढ्यामुळे कायदा रद्द होत नाही, हे त्याचे तत्त्व. २०१७ साली राजेश शर्मा निर्णयाने जिल्हावार कुटुंब कल्याण समित्या नेमून तक्रारी आधी त्यांच्याकडे पाठवाव्यात असे ठरले. १४ सप्टेंबर २०१८ रोजी तीन न्यायमूर्तींनी त्या समित्या काढून टाकल्या, कारण कायद्यात नसलेली यंत्रणा न्यायालयाने उभी करणे योग्य नव्हते. पुढे अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०२२ मध्ये दोन महिन्यांच्या थांबण्याच्या काळाची व समित्यांची मार्गदर्शक तत्त्वे घातली आणि जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात ती कायम ठेवली. न्यायालयाचा काटा असा दोन्हीकडे हलत आला आहे. एका पारड्यात छळलेली सून आहे, दुसऱ्यात निष्कारण गोवलेली म्हातारी सासू. विद्यार्थ्यांनी यातील एकाच पारड्याकडे पाहून मत बनवू नये.

५. सगळ्या घराची नावे

आता आमची चूक सांगतो.

काही वर्षांपूर्वी आमच्या वस्तीतील एक मुलगी सासरहून परत आली. नवऱ्याला दुकान टाकायचे होते. बापाने दोनदा पैसे दिले होते, तिसऱ्या वेळी जमले नाही. त्यानंतर मार सुरू झाला. नवरा मारी आणि सासू दाराला कडी लावून बाहेर बसे. एवढीच हकीकत होती, आणि ती पुरेशी होती. फिर्यादीचा मसुदा आम्ही लिहिला. राग आमच्याही मनात होता. 'सगळ्यांना कळू दे' असे वाटले. नवरा, सासू, सासरे, दीर, जाऊ, दोन नणंदा, एका नणंदेचा नवरा आणि मामेसासरे अशी नऊ नावे आम्ही घातली. पुढे वाक्य लिहिले : 'वरील सर्वांनी संगनमत करून वारंवार शिवीगाळ व मारहाण करून उपाशी ठेवले.'

दूरच्या नातेवाइकांनी उच्च न्यायालयात धाव घेतली. त्यांची नावे वगळली गेली. त्यात बराच काळ गेला. मग खटला उभा राहिला आणि उलटतपासणीत आरोपीच्या वकिलाने आमचेच वाक्य बाहेर काढले. धाकट्या नणंदेने अमुक महिन्यात मारले असे फिर्यादीत आहे, त्या महिन्यात ती दुसऱ्या जिल्ह्यात बाळंतपणासाठी दवाखान्यात होती हे खरे काय? मुलगी गप्प राहिली. एक गोष्ट खोटी ठरली की बाकीच्या खऱ्या गोष्टींवरही सावली पडते. नवरा संशयाचा फायदा मिळून सुटला.

निकालानंतर न्यायालयाच्या पायऱ्या उतरताना ती आमच्यातील एका ज्येष्ठांना एवढेच म्हणाली, "काका, नणंदेचं मी तुम्हाला काही सांगितलंच नव्हतं."

खरे होते. तिने सांगितले नव्हते, आम्ही लिहिले होते. तिने सांगितलेली दाराची कडी मात्र त्या चार पानांत कुठेच आली नव्हती.

यावर सर्वोच्च न्यायालय काय म्हणते ते आम्ही नंतर वाचले. आधी वाचायला हवे होते. २०१० च्या प्रीती गुप्ता खटल्यात फिर्याद रांचीत होती, तर नणंद गुजरातेत आणि अविवाहित दीर मुंबईच्या गोरेगावात राहणारा. त्यांच्याविरुद्ध ठोस आरोप नसल्याने कारवाई रद्द झाली. २०१२ च्या गीता मेहरोत्रा, फेब्रुवारी २०२२ च्या कहकशां कौसर आणि १० डिसेंबर २०२४ च्या दारा लक्ष्मी नारायण या निर्णयांत हेच सूत्र आहे. नातेवाइकाचे नुसते नाव आणि मोघम आरोप पुरेसा नाही. कोणी, केव्हा, कुठे, काय केले हे सांगितले पाहिजे. मात्र छळ झालेल्या स्त्रीने गप्प बसावे असा आमचा अर्थ नाही, हेही न्यायालयाने २०२४ च्या निर्णयात स्पष्ट केले आहे. दूर राहणाऱ्या नणंदेने खरोखरच फोन करून पैशांचा तगादा लावला असेल तर तिचे नाव अवश्य घालावे, पण तो फोन केव्हा आला आणि ती काय बोलली हेही लिहावे.

६. तडजोड झाली तर

हा गुन्हा केंद्रीय कायद्याच्या तक्त्यात आपसात मिटविण्याजोगा नाही. तरीही पती-पत्नींचा समेट झाला, किंवा दोघांनी संमतीने फारकत घेऊन देणेघेणे मिटविले, तर खटला ओढत ठेवण्यात अर्थ नसतो. २००३ च्या बी. एस. जोशी निर्णयाने उच्च न्यायालयाला आपल्या अंगभूत अधिकारात असा खटला रद्द करण्याची मोकळीक स्पष्ट केली. हा अधिकार आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ मध्ये आहे.

येथे एक इशारा. जातपंचांच्या वा पुढाऱ्यांच्या बैठकीत शंभराच्या स्टॅम्पवर 'आम्ही केस मागे घेतली' असे लिहून दिल्याने केस मागे जात नाही. उलट साक्षीच्या वेळी मुलगी फितूर झाली असा शिक्का बसतो आणि ठरलेली रक्कमही पुष्कळदा बुडते. तडजोड करायचीच तर ती न्यायालयासमोर, सर्व रक्कम व दागिने यांचा तपशील लिहून करावी. तिला नांदायला परत पाठवायचे असेल तर आधी तिला एकटीला विचारावे. बापासमोर ती 'जाते' म्हणेल. आईजवळ काय म्हणते ते ऐकावे.

७. मृत्यू झाला तर : न्यायालयाचे पंचशील

१९८२ साली पुण्यात एका नवविवाहितेचा लग्नानंतर अवघ्या काही महिन्यांत विषाने मृत्यू झाला. तिने बहिणीला व मैत्रिणीला लिहिलेल्या पत्रांतून तिचे दुःख दिसत होते. सत्र न्यायालयाने पतीला फाशी सुनावली, मुंबई उच्च न्यायालयाने ती कायम केली, पण १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने त्याला निर्दोष सोडले. आत्महत्येची शक्यता नाकारता येत नव्हती. या सारडा खटल्यातच न्यायालयाने परिस्थितिजन्य पुराव्याची पाच तत्त्वे सांगितली. प्रत्येक परिस्थिती पूर्ण सिद्ध झालेली हवी. ती फक्त आरोपीच्या दोषाशीच जुळणारी हवी. ती निर्णायक स्वरूपाची हवी. तिने दुसरी प्रत्येक शक्यता दूर केली पाहिजे. आणि पुराव्याची साखळी अखंड असली पाहिजे. या पाच तत्त्वांना न्यायालयाने पुराव्याचे 'पंचशील' म्हटले. आपल्या परिचयाचा हा शब्द न्यायपत्रात असा आला आहे.

त्या घटनेच्या वेळी ४९८-अ नव्हते, हुंडाबळीचे कलमही नव्हते. खुनापर्यंत न जाणाऱ्या छळाला कायद्यात वेगळी जागाच नव्हती. ती पुढे १९८३ आणि १९८६ च्या दुरुस्त्यांनी झाली. आता लग्नापासून सात वर्षांच्या आत स्त्रीचा मृत्यू जळून, इजेने वा अस्वाभाविक रीतीने झाला आणि मृत्यूच्या 'लगतपूर्वी' हुंड्यासाठी छळ झाल्याचे दिसले, तर न्यायालय तो हुंडाबळी मानते आणि उलट सिद्ध करण्याची जबाबदारी आरोपीवर येते. शिक्षा किमान सात वर्षे, कमाल जन्मठेप. 'लगतपूर्वी' म्हणजे अगदी त्याच दिवशी असे नव्हे, छळ व मृत्यू यांच्यात जिवंत दुवा असला पाहिजे, असे २०२१ च्या सतबीर सिंग निर्णयात स्पष्ट झाले. पण हा दुवा कोण सांगणार? ज्या आईबापांनी मुलीचे रडणे ऐकूनही कुठे नोंद केली नाही, तेच नंतर न्यायालयात 'आधी का बोलला नाहीत?' या प्रश्नापुढे उभे राहतात.

८. पुरावा आणि इतर मार्ग

आमच्या अनुभवावरून काही सूचना करतो.

(अ) फिर्याद मुलीच्या शब्दांत असावी. लिहिणाऱ्याने तिला वाचून दाखवावी आणि ती 'असंच झालं' म्हणाल्यावरच सही घ्यावी.
(आ) तारीख आठवत नसेल तर सण, बाळाचे बारसे, पगाराचा दिवस अशी खूण लिहावी. अंदाजाने तारीख ठोकू नये.
(इ) मार लागला तर त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात दाखवावे. 'पाय घसरून पडले' असे डॉक्टरांना सांगू नये, कारण तो कागद पुढे आरोपीच्याच कामी येतो.
(ई) पैसे दिले असतील तर बँकेतून दिल्याची नोंद, दागिन्यांच्या पावत्या, लग्नातील फोटो जपावेत. देवघेवीच्या वस्तूंची यादी करून दोन्हीकडच्यांनी सह्या कराव्यात.
(उ) मोबाइलवरील संदेश पुसू नयेत, मूळ फोन मोडीत काढू नये. अशा पुराव्यासोबत साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ नुसार प्रमाणपत्र लागते, ते वकिलाला विचारावे.
(ऊ) छळाच्या काळात मुलीने ज्यांना सांगितले ती शेजारीण, मैत्रीण, शिक्षिका यांच्या साक्षी महत्त्वाच्या असतात.

फौजदारी खटला हा एकच मार्ग नाही. आरोपीला शिक्षा झाली तरी मुलीला तेवढ्याने घर वा भाकरी मिळत नाही. त्यासाठी २००५ चा कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा आहे. त्याखाली राहण्याचा हक्क, पोटगी, संरक्षणाचा आदेश, मुलांचा ताबा असे दिलासे दंडाधिकाऱ्याकडे मागता येतात. घर सासूसासऱ्यांच्या नावावर असले तरी एकत्र राहिलेल्या घरात सुनेला राहण्याचा हक्क मागता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितले. आणि स्त्रीधन हे स्त्रीचेच असते. ते सासरच्यांकडे सांभाळायला दिले म्हणून त्यांचे होत नाही. परत न दिल्यास तो विश्वासघाताचा गुन्हा होऊ शकतो, हे १९८५ च्या प्रतिभा राणी निर्णयापासून पक्के आहे.

वकिलाला पैसे नाहीत म्हणून कोणी थांबू नये. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे कोणत्याही स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. जिल्हा न्यायालयाच्या आवारात त्याचे कार्यालय असते. तातडीच्या वेळी १८१ हा महिला मदत क्रमांक आहे.

९. आपल्या घरापासून

हे सर्व लिहिताना आम्हाला स्वतःला एक प्रश्न विचारावासा वाटतो. बौद्ध पद्धतीचा विवाह साधा असतो, त्यात देण्याघेण्याला जागा नाही, असे आपण अभिमानाने सांगतो. मग नोकरी लागलेल्या मुलाच्या घरी 'आम्हाला काही नको, तुमच्या मुलीला काय द्यायचं ते द्या' हे वाक्य का ऐकू येते? हॉल मुलीकडच्यांचा, जेवण मुलीकडच्यांचे, गाडीही मुलीकडच्यांची, आणि तरी हुंडा घेतला नाही! गृहस्थाच्या कर्तव्यांचा उपदेश सिगालोवाद सुत्तात आहे. त्यात पतीने पत्नीचा मान राखावा, तिला घरातील अधिकार द्यावा, अलंकार द्यावेत असे सांगितले आहे. अलंकार देणारा तो आहे, मागणारा नव्हे.

न्यायालय झालेल्या गोष्टीचा न्याय करते, आणि तोही पुराव्याने, वेळ घेऊन. त्या पायऱ्यांवर कोणाची लेक उभी राहू नये यासाठी लागणारे काम मात्र साखरपुड्याच्या बैठकीतच करावे लागते. तिथे एखाद्या वडीलधाऱ्याने 'यादी कसली करता?' असे उठून विचारले पाहिजे. आमच्या मंडळींनी ठरविले आहे की ज्या बैठकीत मागणी होईल तिथून उठून यायचे. आणि ज्या फिर्यादीत मुलीने न सांगितलेले एकही नाव असेल ती लिहायची नाही. हे दोन्ही नियम आम्ही एकाच मुलीकडून शिकलो.

अभ्यासासाठी प्रश्न

१. 'लग्नाचा मोबदला' आणि 'लग्नाच्या संबंधात' या दोन शब्दप्रयोगांतील फरक उदाहरणाने सांगा.
२. हिंदू कोड बिलातील हुंड्याविषयीची योजना आणि १९६१ च्या कायद्याचे कलम ६ यांची तुलना करा.
३. मोघम आरोपामुळे खऱ्या फिर्यादीचे नुकसान कसे होते?
४. अर्णेश कुमार निर्णयामुळे फिर्यादी व आरोपी या दोघांच्या स्थितीत काय बदल झाला?
५. आपल्या वस्तीत गेल्या वर्षी झालेल्या एखाद्या लग्नाचा खर्च कोणी कोणी उचलला, याची नावे न घेता नोंद करा आणि तीत हुंडा कोठे लपला आहे का, ते घरातील वडीलधाऱ्यांसमोर मांडा.